विनोद मोजणारा गवंडी

"आयुष्यभर विटा मोजल्या, मला विनोद मोजता येणार नाहीत?" मी छातीठोकपणे म्हणालो आणि तिथेच फसलो!

माझी लेक टीव्हीवरची विनोदी मालिका लिहिते. तिचे साहेब कडक. "बावीस मिनिटांत साठ विनोद हवेत. कमी भरले तर दुसरा लेखक बघतो!" असे त्यांनी बजावलेले. स्वतःचे विनोद मोजताना बिचारी दर वेळी वेगळ्याच आकड्यावर पोहोचायची. रडकुंडीला आली होती.

"बाबा, तुम्हीच मोजा. तुमचा आकडा कधी चुकत नाही."

कागद-पेन्सिल घेऊन टीव्हीसमोर बसलो. पहिल्याच मिनिटाला पंचाईत! विनोद कुठे सुरू होतो, कुठे संपतो, काही कळेना. वीट निदान हातात तरी धरता येते! मग युक्ती सुचली. शेजारी आमची ही बसली होती. भिंत जोखायला ओळंबा, तशी विनोद जोखायला बायको! ती हसली की मारली रेघ. चार उभ्या, पाचवी आडवी.

काय सांगू! ती थांबेचना! तोंडावर उशी दाबून हसत होती. जाहिरातींतसुद्धा हसली, त्या रेघा मी इमानाने खोडल्या. तरी भरले एकशे सेहेचाळीस!

लेकीने हरखून साहेबांना कळवले. दुसऱ्या दिवशी साहेब थेट घरी!

"मला चौतीसच सापडले. मोजले कुणी?"

"मी. पण हिलाच विचारा, पोट धरधरून हसत होती!"

"मी कुठे मालिका बघत होते?" ही म्हणाली. "मी यांच्याकडे बघत होते! हे साठीत लिहायला शिकले, पेन्सिल धरली की अजून जीभ बाहेर येते. चेहरा मयताला आल्यासारखा आणि मोजतायत काय, तर विनोद! मी हसले की हे रेघ मारणार, रेघ मारली की मला पुन्हा हसू!"

लेक पांढरीफटक पडली. मला वाटले, गेली पोरीची नोकरी, तीही माझ्यापायी!

साहेबांनी माझा रेघांचा कागद उचलून पाहिला. मग हसत हसत खुर्चीत कोसळले आणि डोळे पुसत लेकीला म्हणाले, "अगं, हेच लिही!"

नोकरी वाचली. तो भाग परवा लागला. साहेबांच्या मोजणीत ऐंशी विनोद भरले म्हणे! सगळे घर लोळत होते.

खरे सांगू? मला एकही सापडला नाही. म्हातारा बिचारा आपले काम नीट करत होता!