हवानाचा भात आणि आनंदरावांचे तात्या

काळा घेवडा आदल्या रात्री भिजत घालावा.

घातला नव्हता. दुपारी पाहुणे जेवायला यायचे होते, आणि घेवडा अजून सुपात होता, खड्यासारखा टणक.

"भावोजी, हा भात होताना तुम्ही पाहिलात, की नुसता खाल्लात?" सौदामिनीने विचारले.

"खाल्ला. पण लक्ष देऊन खाल्ला, वहिनी."

मधू तिचा धाकटा दीर. मालवाहू बोटीवर कारकून होता. क्यूबा नावाच्या बेटावर, हवानाच्या बंदरात, बोट दुरुस्तीला अडकली तेव्हा तो महिनाभर घेवड्याच्या भातावर जगला होता. सध्या सुटीवर भोरला आला होता आणि परत बोटीवर जायला तळमळत होता.

पण आजचा पाहुणा कोण, ते आधी सांगायला हवे. भात शिजतो आहे तोवर सांगू. (भात शिजत नव्हता.)

पाहुणे म्हणजे आंबवड्याचे आनंदराव, सौदामिनीच्या नवऱ्याचे, नारायणाचे, कचेरीतले वरिष्ठ. नारायणाची वेल्ह्याला बदली होणार होती. हुकुमावर आनंदरावांची सही तेवढी राहिली होती. वेल्ह्यात मुलींना पुढची शाळा नव्हती. आणि शाळा सुटली की शैलजाचे, म्हणजे नारायणाच्या लेकीचे, लग्न उरकून टाकायचे हे नातेवाइकांनी परस्पर ठरवले होते. म्हणून हे जेवण.

आता या माणसाला जेवायला घालायचे काय? आनंदराव माळकरी, त्यामुळे मांस-मच्छी बंद. तीन वर्षांपूर्वी वडिलांच्या अस्थी घेऊन काशीला गेले, तिथे एखादा पदार्थ सोडायचा असतो. लोक कारले सोडतात. आनंदरावांनी दूध सोडले, आणि दुधाबरोबर दही, ताक, लोणी, तूपही. बासुंदी बाद, श्रीखंड बाद, साध्या वरणभातावर तुपाची धारसुद्धा बाद.

"दूध नाही, तूप नाही, मांस नाही, आणि तरी मेजवानी!" मधू म्हणाला होता. "असा पदार्थ जगात एकच आहे."

घेवडा मंद आचेवर शिजू द्यावा.

मंद आचेवर तो ढिम्म हलेना. मधूने चुलीत लाकडे कोंबली. लाकडे ओली होती. स्वयंपाकघरात इतका धूर झाला की सौदामिनी डोळे पुसत अंगणात पळाली आणि पाहुण्यांचा पाट मागच्या पडवीत मांडावा लागला. पडवी दक्षिणेकडे उघडी. वारा तिकडूनच येत होता, म्हणून मधूने पाटाचे तोंडही तिकडेच केले.

लसूण, जिरे, तमालपत्र, भुईमुगाचे तेल. मग त्याच पाण्यात तांदूळ.

आंबेमोहोर तो, हवानाचा थोडाच! पाहता पाहता त्याचा गिच्च गोळा झाला. तळाचा भात करपला, वरचा कच्चा राहिला. मधला जेमतेम एका पानाला पुरेल एवढा निघाला. तो पत्रावळीवर वाढला तर पसरू लागला. मधूने हात ओला केला आणि भाताचे गोळे वळले. तीन. भुरकट भातात फुटलेल्या घेवड्याचे काळे काळे ठिपके. वर काहीतरी हिरवे हवे, म्हणून कांद्याची लांब पात आडवी ठेवली.

दहा वर्षे समुद्रावर काढलेल्या माणसाला ते सुंदर दिसले.

"या, रावसाहेब," नारायण म्हणाला. आनंदराव पडवीत आले, पाटावर बसले. समोर दक्षिण. पुढ्यात एकच पान. पानावर काळे ठिपके असलेले भाताचे तीन गोळे आणि वर हिरवी पाती.

आनंदरावांनी पान जरा लांब सरकवले.

"नारायणराव, ह्ये काय हाय?"

नारायणाने खाली पाहिले. दारात आलेल्या सौदामिनीने पदर तोंडात कोंबला.

"हवानाचा भात," मधू आनंदाने म्हणाला. "खास तुमच्यासाठी वळला."

"माज्यासाठी पिंड वळलं? म्या जित्ता हाय की अजून!" आनंदराव ताडकन उठले. "घरी बोलवून माणसाचं श्राद्ध घालता व्हय?"

"रावसाहेब, घेवडा आहे हो तो!"

"श्राद्धाला घेवडा बी घालता?"

"भावोजी, उचला ते आधी!" सौदामिनी ओरडली.

आनंदराव अंगणात वहाणा शोधत होते. "नारायणराव, सांजच्याला हुकूम घ्या. वेल्ह्याला जावा आन् तितं वळा काय वळायचं ते!"

शैलजा माजघराच्या दारात उभी होती. तिने हातातले पुस्तक हळूच मिटले.

मधूने पान उचलले आणि गाईला घालावे म्हणून अंगणाच्या दगडी गडग्यावर ठेवले. हात मागे घेतो न घेतो तोच

कावळा.

झडपच घातली त्याने. मग दुसरा आला, तिसरा आला. तीन गोळे, तीन चोची.

आनंदरावांची एक वहाण पायात, एक हातात. त्यांनी डोक्यावरचे पागोटे काढले.

इथे त्यांच्या वडिलांचे, म्हणजे तात्यांचे, सांगायला हवे. दहाव्याला तात्यांच्या पिंडाला कावळा शिवला नव्हता. सगळे आंबवडे नदीकाठी उपाशी ताटकळले होते. आनंदराव विहीर बांधतो म्हणाले, धाकट्या भावाला सांभाळतो म्हणाले. कावळा फांदीवरून बघत राहिला. शेवटी दर्भाचा कावळा करून शिववावा लागला. पुढे दर वर्षीच्या श्राद्धाला तेच. तात्यांची कोणती इच्छा राहिली, या घोराने आनंदराव वाळत चालले होते.

"कुटला म्हनालात ह्यो भात?" त्यांनी गडग्याकडे बोट दाखवून विचारले.

"हवानाचा. क्यूबातला. सातासमुद्रापलीकडचा."

आनंदराव मटकन ओट्यावर बसले.

"आमचं तात्या," ते म्हणाले, "जल्मात कापूरहोळच्या पुढं गेलं न्हाईत. आन् त्यांचा जीव क्यूबात गुतला हुता?"

गडग्यावर कावळे पत्रावळ टोचून टोचून साफ करत होते.

मग आनंदरावांनी डोळे पुसले. वेल्ह्याचा हुकूम काही निघायचा नाही, म्हणाले. पोरीची शाळा चालू द्या, म्हणाले. शैलजाने पुस्तक पुन्हा उघडले. सौदामिनीने देवापुढे साखर ठेवली. मधूने छाती फुगवून विचारले, "मग, रावसाहेब, माझी पाककला कशी वाटली?"

आनंदरावांनी त्याचे दोन्ही हात धरले.

"तुमी आता कुठं जायचं न्हाई. दर साली तात्यांच्या तिथीला ह्योच भात, आन् तुमच्याच हातानं. बोटीवाल्यांना म्या कळीवतो. कचेरीत तुमाला चिकटवतो."

"पण मला परवा..."

"हो म्हणा, भावोजी," सौदामिनी घाईघाईने म्हणाली.

मधूने गडग्याकडे पाहिले. रिकाम्या पत्रावळीशेजारी एक कावळा अजून बसून होता. कांद्याची पात मात्र त्याने तशीच ठेवली होती.