वरच्या पाड्याचे अकरा हातपंप

उंबरझिऱ्याच्या वरच्या पाड्यावर नळ आला नाही. येण्याचं लक्षणही नाही. पण हे वाक्य छापलंच गेलं नाही असं धरा आणि त्या मंगळवारी सकाळी एका विकास संस्थेच्या शिरपूरच्या कार्यालयात चला. तिथे प्रशील कार्यालयप्रमुख हेमलताताईंपुढे छाती काढून उभा आहे.

"ताई, एका दिवसात गाव स्वतःचा नकाशा स्वतः काढेल! मी बोटसुद्धा लावणार नाही!"

बोट न लावण्याचं त्याने पाळलं. तेवढंच पाळलं.

प्रशील धुळ्याच्या देवपुरातला. समाजकार्याची पदवी घेऊन इतका ताजा बाहेर पडला होता की अंगातून अजून वाफ निघत होती. संस्थेने त्याला सातपुड्याच्या पायथ्याची सहा गावं दिली आणि पद दिलं 'सुलभक'. म्हणजे नक्की काय, हे घरी सांगताना त्याला फार अवघड जायचं. प्रशिक्षणात पाच दिवस एकच गोष्ट घोटून घेतली होती: विकास लोकांनी करायचा, सुलभकाने हात मागे बांधून उभं राहायचं. हस्तक्षेप म्हणजे महापाप! पाचव्या दिवशी हात मागे बांधल्याबद्दल त्याला प्रमाणपत्रही मिळालं.

काम मात्र गंभीर होतं. गावात नळयोजना येणार होती आणि पाइप कुठवर न्यायचा हे लोकांनी काढलेल्या नकाशावरून ठरणार होतं. खालच्या गावाची काळजी नव्हती. प्रश्न होता वरच्या पाड्याचा. तिथल्या चौदा घरांतल्या बाया अर्धी टेकडी उतरून झिऱ्यावर यायच्या, आणि चैत्र लागला की झिऱ्यातलं पाणी वाटीवाटीने हंड्यात भरायच्या.

त्यांना सभेला आणायला प्रशील स्वतः टेकडी चढून गेला. भुरीबाई अंगणात मका सोलत बसली होती.

"दर साल कोनी तरी येस," ती मान वर न करता म्हणाली, "लिखी लेस, चालना जास."

"अक्का, या वेळी लिहायचं तुम्हीच! मी शब्द देतो."

'शब्द देतो' हे प्रशिक्षणात नव्हतं. ते त्याने स्वतःच्या पदरचं घातलं.

भुरीबाईने चौदाही घरांतल्या बाया खाली आणल्या. सोबत एक बकरीही आणली, कारण पाडाच रिकामा झाल्यावर तिला सांभाळायला मागे कोण राहणार?

शाळेपुढच्या मैदानात नकाशा असा रंगला की बघत राहावं! रांगोळीचे रस्ते, निळीचा नाला, गुलालाची टेकडी. मक्याचा दाणा म्हणजे घर, सीताफळाची काळी बी म्हणजे हातपंप. भुरीबाईने टेकडीवर एकेक करून तेरा दाणे ठेवले. चौदावा ठेवण्याआधी तो फुंकर मारून साफ केला. ते तिचं स्वतःचं घर होतं.

प्रशील कडेला उभा होता. हात अर्थातच मागे.

एवढ्यात बकरी सुटली. उत्तरेकडून आली, रांगोळीचा सातपुडा तीन पावलांत ओलांडला आणि वरच्या पाड्यातलं पहिलं घर खाल्लं.

सगळं गाव प्रशीलकडे बघायला लागलं. प्रशील सगळ्या गावाकडे. त्याच्या डोक्यात चाललं होतं, 'नकाशा लोकांचा. बकरी लोकांची. आता लोक काय निर्णय घेतात ते बघू!' गावाच्या डोक्यात चाललं होतं, 'सर गप्प शेत, म्हंजे हाई बी कार्यक्रममाच व्हई.'

शेवटी खालच्या गावातल्या नथ्थूआबांना राहवेना. "सर, हाकलू का?"

"आबा, तुम्हाला काय वाटतं?"

"आमले काय वाटनार? कार्यक्रम तुमना शे!"

"नाही नाही आबा, कार्यक्रम तुमचा आहे!"

"पन बकरी तं भुरीबाईनी शे!"

चर्चा अतिशय सकारात्मक वातावरणात पुढे सरकत होती. तोवर सात घरं गेली.

"सर!" भुरीबाई ओरडली. "मनं घर खाई ऱ्हायनी ती!"

"अक्का, छान! हेच गटात मांडा!"

तिने गटात मांडलं. गटाने साधकबाधक विचार केला आणि बकरीला हाकलावं असं एकमताने ठरलं. ठराव झाला तेव्हा टेकडीवर एकही दाणा उरला नव्हता. बकरी शेजारच्या पिशवीतला उरलेला मकाही संपवून निवांत उभी होती. तिने शेपटी हलवली आणि रिकाम्या टेकडीवर अकरा लेंड्या टाकल्या. काळ्याभोर, टपोऱ्या, सीताफळाच्या बियांना लाजवतील अशा!

"आता परत मांडू," प्रशील म्हणाला आणि दुकानातून मका आणायला धावला. दुकानदार जेवायला गेला होता. प्रशील मका घेऊन परतला तेव्हा झिऱ्यावरचा नंबर जाईल म्हणून पाड्यावरच्या बाया निघून गेल्या होत्या, आणि ग्रामपंचायत सदस्य नवलभाऊंनी नकाशा कागदावर उतरवून त्यावर गावाच्या सह्या-अंगठेही घेतले होते. नवलभाऊंचं अक्षर लग्नपत्रिकेसारखं आणि स्वभाव त्याहून काटेकोर. जमिनीवर जे होतं, ते कागदावर होतं. घर शून्य. हातपंप अकरा!

"भाऊ, हे काय?"

"तुम्हीच तं सांगं, जे दिसस तेच काढा. आपलं डोकं चालाडू नका."

खिशात पेन होतं. प्रशीलने ते काढलंसुद्धा. चौदा ठिपके द्यायचे होते, मिनिटाचं काम! पण लोकांच्या नकाशात सुलभकाचा ठिपका? त्याने पेन परत खिशात ठेवलं. उद्या भुरीबाईच्याच हाताने दुरुस्त करू, असं ठरवलं.

संध्याकाळी हेमलताताईंचा फोन आला. "आजची शेवटची तारीख आहे, प्रशील. नकाशाचा फोटो ॲपवर टाक."

"ताई, त्यात थोडं बकरीचं—"

"बकरीपालन पुढच्या टप्प्यात! आधी फोटो टाक."

त्याने फोटो टाकला. शेरा लिहायला जागा शोधली. शेऱ्याला रकाना नव्हता.

आठवड्याने धुळ्याला आढावा बैठक झाली. मोठ्या साहेबांनी पडद्यावर उंबरझिऱ्याचा नकाशा लावला. "याला म्हणतात लोकसहभाग! सुलभकाच्या हाताची एक रेघ नाही!" टाळ्या पडल्या. प्रशीलच्या हातात माइक आला. आता सांगून टाकायचं, असं ठरवून तो उभा राहिला. सभागृह हसऱ्या चेहऱ्याने त्याच्याकडे बघत होतं. ताईंचे तर डोळे भरून आले होते.

"याचं सगळं श्रेय गावाला," प्रशील म्हणाला आणि खाली बसला.

एवढं एक वाक्य गिळता आलं असतं तर, असं त्याला अजूनही जेवताना घास तोंडाशी नेता नेता वाटतं.

पुढचं सगळं नियमाप्रमाणे झालं. पाणीपुरवठा खात्याचं पत्र आलं: 'वरचा पाडा येथे लोकवस्ती नसून हातपंप अकरा आहेत. सबब, पाइपलाइनची आवश्यकता नाही.' मग कोणाला तरी वाटलं की एवढे हातपंप बंद तर पडले नसतील? दोन मेकॅनिक पान्हे घेऊन पाड्यावर आले आणि दिवसभर टेकडी उन्हात पालथी घातली. दुपारी दोघांना भोवळ यायला लागली. भुरीबाईने आपल्या हंड्यातलं पाणी त्यांना पाजलं.

त्यांनी अहवाल दिला: हातपंप आढळले नाहीत. लगेच नोटीस निघाली. अकरा हातपंप कुठे गेले याचा सात दिवसांत खुलासा करावा! पत्ता होता, 'समस्त रहिवासी, वरचा पाडा (लोकवस्ती शून्य)'.

प्रशील शिरपूरला पाणीपुरवठ्याच्या कार्यालयात धावला. टेबलामागच्या भाऊसाहेबांनी चष्मा वर केला.

"दुरुस्ती होते ना! पाड्यावरच्या निम्म्या कुटुंबांच्या सह्यांचा ठराव आणा."

"आणलाय! चौदापैकी चौदा सह्या!"

"चौदा कुठली? इथे शून्य आहेत."

"अहो, तीच तर दुरुस्ती करायचीय!"

"मग शून्याच्या निम्म्यांच्या सह्या हव्यात. तुम्ही चौदा आणल्यात. जास्तीचे चौदा कोण, हे आता तपासावं लागेल."

प्रशील तिथून जो निघाला तो सरळ टेकडी चढला. भुरीबाई झिऱ्यावरून परत येत होती. डोक्यावर हंडा, काखेत कळशी.

"अक्का, चूक माझी आहे. बकरीला मी हाकलायला हवं होतं."

भुरीबाई थांबली. हंडा जरासुद्धा डचमळला नाही.

"सर, मी बी हाकली देती. मना हातमा काठी व्हती. पन तुम्ही हात मांगे बांधीसन इतला शांत उभा व्हतात... माले वाटनं, शिकेल मानूस शे, काही तरी इचार व्हई."

प्रशीलने कळशी घ्यायला हात पुढे केला.

"राहू द्या. तुम्हले नही जमाव."

ती पुढे निघाली. तिच्यामागे तिची बकरी निघाली आणि तिच्यामागे, कोणी सांगितलं नव्हतं तरी, प्रशील. पाड्यावर पोचून त्याने भुरीबाईच्या ओट्यावर बैठक मारली, खिशातलं पेन काढलं आणि आयुष्यातला पहिला हस्तक्षेप केला. तो असा:

'प्रति, मा. साहेब. विषय: बकरीने खाल्लेली चौदा घरे गावास परत मिळणेबाबत. महोदय, उपरोक्त विषयी सविनय सादर करण्यात येते की, मौजे उंबरझिरा येथील वरचा पाडा प्रत्यक्षात असून त्याची नोंद एका बकरीने भक्षण केली आहे. सदर प्रसंगी अर्जदार समक्ष हजर होता व त्याने काहीही केले नाही. तरी सदर चौदा घरे गावात जमा करून अकरा हातपंप वजा करण्यात यावेत. या कामी विलंब होणार असल्यास, अंतिम निर्णय होईपर्यंत सदर चौदा कुटुंबांच्या तहानेस आपल्या स्तरावरून स्थगिती देण्यात यावी, ही नम्र विनंती.'