सुभेदारांचा कान

साताऱ्यात आमच्या समोरच्या घरात राहणारे सुभेदार जाधव रोज सकाळी सात वाजता येऊन आमच्या मोटारीला कान लावत. लावत म्हणजे खरोखरच लावत. बॉनेट उघडायचे, डोक्यावरची टोपी काढून काखेत धरायचे आणि इंजिनाच्या मागच्या पत्र्यावर बसवलेल्या पेट्रोलच्या पंपाला उजवा कान टेकवून डोळे मिटायचे. मग डावा हात वर व्हायचा. तो हात वर गेला की आमच्या अंगणात कोणी बोलायचं नाही. भांडी घासणारी काशीबाई राखेचा हात तसाच धरून थांबे. तुमचे आजोबा चहाची बशी ओठांशी नेऊन थांबत.

"बाई, चावी."

मी चावी अर्धी फिरवायची. इंजिन सुरू करायचं नाही, नुसती अर्धी. पंप टिक् टिक् टिक् करून कार्बुरेटर भरायचा आणि गप्प व्हायचा. सुभेदार डोळे उघडायचे, टोपी घालायचे आणि म्हणायचे, "चालू हाय." एवढं बोलून घरी.

मुलांनो, तुमच्या गाड्यांचे पंप टाकीच्या पोटात लपलेले असतात. आमची गाडी जुनी विलायती होती. तुमच्या आजोबांनी ती वकिलीच्या सुरुवातीला कोणाकडून तरी घेतलेली, आणि सत्तरच्या दशकात ती साताऱ्याच्या रस्त्यांवर धावायची ती केवळ सुभेदारांच्या मर्जीवर. आजोबांना गाडी चालवता येत होती. ती का चालते हे त्यांना माहीत नव्हतं आणि जाणून घ्यायची इच्छाही नव्हती.

सुभेदारांची नोकरी लष्कराच्या गाड्यांच्या वर्कशॉपात झाली होती. निवृत्त होऊन आले ते एक हत्यारांची पेटी आणि दोन-तीन वाक्यं घेऊन. "आदी ऐकायचं, मंग हात लावायचा" हे एक. "मशीन खोटं बोलत न्हाई, मालक बोलतो" हे दुसरं. हे दुसरं ते मालकाच्या तोंडावर म्हणत. एकदा एक मोठे सरकारी अधिकारी आपली जीप घेऊन आले. कोणीही कशाला हात लावलेला नाही, असं त्यांनी तीनदा सांगितलं. सुभेदारांनी फ्यूजची पेटी उघडली, तर जळालेल्या फ्यूजला सिगारेटच्या पाकिटातली चांदी गुंडाळलेली.

"साहेब," सुभेदार म्हणाले, "पहारेकऱ्याचं हातपाय बांधून तुमीच त्याला कोपऱ्यात बसवलासा. आता घर जळालं म्हून कुनाच्या नावानं बोंब मारताय?"

त्या साहेबांना उन्हात उभं करून फ्यूज म्हणजे काय, यावर त्यांनी अर्धा तास व्याख्यान दिलं. फ्यूज जातो तो स्वतःच्या दोषानं नाही; मागे कुठेतरी तार चुकीची भिडलेली असते, ती आग पुढे जाऊ नये म्हणून तो मधल्यामध्ये जीव देतो. म्हणून फ्यूज गेला की लगेच दुसरा घालणारा मेस्त्री हा त्यांच्या मते मेस्त्री नव्हेच. आधी का गेला ते शोधायचं. "का गेला?" हा प्रश्न ते एखाद्या मयताच्या घरी विचारावा तशा आवाजात विचारत.

आमच्या पंपाला कंपनीनं फ्यूजच दिला नव्हता. ही गोष्ट सुभेदारांना विलायतेचा मोठा गुन्हा वाटे. त्यांनी स्वतः नवी तार टाकली, मध्ये काचेच्या नळीचा फ्यूज बसवला आणि तार पत्र्याच्या भोकातून जाते तिथे ती घासू नये म्हणून सायकलच्या ट्यूबची रिंग कापून बसवली. आल्यागेल्याला ती रिंग दाखवत. "कंपनीच्या तोंडात मारंल अशी हाय."

त्यांच्याकडे एक रजिस्टर होतं. तारीख, बिघाड, कारण आणि शेवटचा रकाना: चूक कोणाची. मी शाळेत इंग्रजी शिकवत असे, पण तांबडी पेन्सिल हातात असली की भाषा कुठलीही चालते. एकदा ते रजिस्टर मी तपासून दिलं. शेवटच्या रकान्यात मालक, रस्ता, पाऊस, कंपनी आणि मागला मेस्त्री हे पाचच गुन्हेगार आलटून पालटून येत होते.

"सुभेदार, यात तुमचं नाव कुठेच नाही," मी म्हटलं.

"असंल तवा लिवू की," ते म्हणाले.

आता चावीबद्दल. ते काम आधी माझं नव्हतं. ते त्यांच्या मुलीचं, शालनचं. शालन नऊ वर्षांची असताना तिची आई गेली. तेव्हापासून सुभेदारांनी भाकरीपासून वेणीपर्यंत सगळं स्वतः केलं. वेण्या ते दोर वळल्यासारख्या घालत. इतक्या घट्ट, की माझ्या वर्गात शालनच्या भुवया कायम वर चढलेल्या असायच्या आणि नवीन येणाऱ्या शिक्षिकांना वाटायचं, या मुलीला प्रत्येक गोष्टीचं आश्चर्य वाटतंय. सकाळी सातला ती बापाच्या मागून येई, मोटारीत बसे आणि "शालन, चावी" म्हटलं की फिरवी. तिचा कानही तयार झाला होता. पंप एखादा टोला चुकला तरी सुभेदारांच्या आधी ती म्हणे, "आण्णा, अडकतोय."

पुढे ती शिकायला सांगलीला गेली; सुट्टीत आली की चावी तिचीच, एरवी तुमचे आजोबा फिरवत. तिथल्याच एका जैन घरातल्या मुलाशी तिनं लग्न ठरवलं. घर हळदीच्या व्यापारातलं, मुलगा शांत, सज्जन. पण सुभेदारांनी आपल्या जुन्या सोबत्याला, त्याच्या मुलाला शालन देईन, असा शब्द देऊन ठेवला होता. मुलीला विचारायचं राहून गेलं होतं. मशीनचं ऐकल्याशिवाय हात न लावणाऱ्या माणसाकडून हे झालं. दोघांत काय बोलणं झालं ते मला माहीत नाही. लग्नाला आम्ही गेलो, ते आले नाहीत. दुसऱ्या दिवशी सकाळी सातला मात्र आले, टोपी काखेत धरली, हात वर केला आणि बऱ्याच वेळानं म्हणाले, "बाई, चावी." तेव्हापासून ते काम माझं.

चार वर्षं त्यांनी शालनचं नाव घेतलं नाही. मग थंडीत मला तिचं कार्ड आलं. मुलगी झाली होती. गुरुवारी बारा वाजता बारसं. पुढे लिहिलं होतं: "आण्णांना सांगा. ते आल्याशिवाय पाळण्यात घालू नये असं मला वाटतं. पण आता आले नाहीत, तर पुन्हा बोलावून त्यांना त्रास देणार नाही." शालन असं लिहिते, म्हणजे तसंच करणार, हे मला तिच्या निबंधांवरून माहीत होतं.

मी कार्ड सुभेदारांना वाचून दाखवलं. "माझं काय काम तितं?" म्हणून ते उठून गेले. बुधवारी संध्याकाळी फाटकाशी येऊन तुमच्या आजोबांना म्हणाले, "वकीलसाहेब, सांगलीचा पल्ला लांबचा हाय. बरोबर मेस्त्री असलेला बरा."

गुरुवारी सात वाजता ते इस्त्रीचा कोट घालून, हत्यारांची पेटी मांडीवर घेऊन मागे बसले. कराड गेलं, इस्लामपूर गेलं. एरवी ते वाटेत दिसणाऱ्या प्रत्येक ट्रकच्या आवाजावर शेरा मारत. त्या दिवशी एक अक्षर नाही. इस्लामपूरच्या पुढे दोन्हीकडे ऊस लागला आणि तिथे आमच्या गाडीनं तीन आचके दिले आणि ती थांबली. दहा वाजायला आले होते.

सुभेदार उतरले, बॉनेट उघडलं आणि कामाला लागले. प्लग काढले, पुसले, फुंकर मारली, बसवले. पंख्याचा पट्टा बघितला. रेडिएटरचं पाणी बघितलं. मग प्लग परत काढले. उसाची एक बैलगाडी शेजारून चालली होती. गाडीवानानं कासरा ओढला.

"काय पावनं, बैल जोडू का?"

"तुजं बैल तुज्यापरीस शानं हायेत, त्यास्नी सरळ जाऊ दे," सुभेदार डोकं वर न करता म्हणाले.

"जाऊ देतो की. सांगलीत काय निरोप सांगू? म्हातारा प्लग पुसाय लागलाय म्हून सांगू?" आणि हसत तो गेला.

पावणेअकरा झाले. आजोबांनी घड्याळ काढून बघितलं, परत ठेवलं, परत काढलं. "सुभेदार, पेट्रोल संपलं असेल का?" असं त्यांनी विचारून बघितलं. दीड तास आधी टाकी भरली होती.

"बाई, पेटीतनं बारीक पाना द्या," सुभेदार म्हणाले.

मी पेटी उघडली. वरच्या कप्प्यात पाने होते. खालच्या कप्प्यात, स्वच्छ कागदात गुंडाळलेली, लाल खणाची कुंची होती. सोनेरी काठाची, मागे झालर, गळ्याशी बांधायला दोरी. आजोळहून बाळाला न्यायची असते तशी. शेजारी सुपारीच्या डबीत दोन नवे फ्यूज.

मी पाना दिला नाही.

"सुभेदार, तुम्ही आज कान लावला नाहीत."

ते प्लग पुसत राहिले. "रस्त्यावर लय आवाज हाय."

बैलगाडी केव्हाच वळणाआड गेली होती. उसात एक चिमणीसुद्धा बोलत नव्हती.

"मी चावी फिरवते," मी म्हटलं.

"ऱ्हाऊ द्या, बाई."

मी बसले आणि चावी अर्धी फिरवली. समोरचा लाल दिवा लागला, म्हणजे बॅटरी ठीक होती. पंपानं मात्र काहीच म्हटलं नाही. एकही टोला नाही. तुमच्या आजोबांनासुद्धा ती शांतता कळली. त्यांनी माझ्याकडे बघितलं.

"तुम्हाला कधीपासून माहीत आहे?" मी सुभेदारांना विचारलं.

"आचकं दिलं तवाच," ते म्हणाले. मग रस्त्याकडेच्या दगडावर बसले आणि पुसून लख्ख झालेला प्लग हातात फिरवत राहिले. "चार वर्सं झाली, बाई. दारात हुबा ऱ्हाऊन पयलं काय बोलायचं? सातारपास्नं जुळवाय लागलोय. जुळंना."

पहिलं वाक्य सुचत नाही, हे मी मुलींच्या तोंडून वर्षानुवर्षं ऐकत आले होते. त्यावर माझ्याकडे उत्तर असायचं. त्या दिवशी मात्र मी मला येत होतं ते केलं. डॅशबोर्डखालची फ्यूजची काचेची नळी काढली. आतली तार वितळून काचेला काळा धूर बसला होता. डबीतला नवा फ्यूज घातला आणि चावी फिरवली. बारीकसा निळा उजेड दिसला आणि नवी काचही काळी झाली.

"आवं बाई," सुभेदार दगडावरून उठले, "का गेला ते आदी बगायचं. किती वर्सं सांगतोय? मालकावानी काय करताय?"

त्यांना राहवलंच नाही. त्यांनी मला बाजूला केलं आणि फ्यूजपासून तारेवर बोट ठेवून इंच इंच पुढे सरकत गेले. पत्र्याच्या भोकापाशी बोट थांबलं. सायकलच्या ट्यूबची ती रिंग वाळून, तडकून गळून पडली होती. खालची तार पत्र्याच्या धारेवर घासून उघडी पडली होती आणि पत्र्याला चिकटली होती.

त्यांनी आजोबांकडून रुमाल मागून घेतला, त्याची पट्टी फाडली, तारेला काळी टेप गुंडाळली, पट्टी भोकात बसवली, तार ओढून ओढून बघितली. डबीतला शेवटचा फ्यूज घातला. टोपी काखेत गेली, कान टेकला, डावा हात वर झाला.

"बाई, चावी."

टिक् टिक् टिक् टिक्.

"चालू हाय."

निघण्याआधी त्यांनी मडगार्डवर रजिस्टर ठेवून नोंद केली. आजोबा म्हणाले, "अहो, नंतर लिहा." पण नोंद जागेवर करायची, असा त्यांचा नियम होता. शेवटच्या रकान्याशी पेन्सिल थांबली. मग त्यांनी लिहिलं: सुभेदार जाधव. माझ्या हातात तांबडी पेन्सिल नव्हती, आणि असती तरी त्यात दुरुस्त करण्यासारखं काही नव्हतं.

सांगलीत शिरलो तेव्हा बारा वाजून गेले होते. दारात तोरण होतं, आत बायकांचा गलका होता. पण पाळणा रिकामा होता. कोणीतरी म्हणालं, "शालन अजून घालू देत नाही." आम्ही उतरलो. सुभेदार उतरून थेट बॉनेटखाली गेले. "हुबा ऱ्हाऊन बगतो जरा. तापलीय."

शालन मुलीला घेऊन बाहेर आली आणि गाडीपाशी उभी राहिली. तिनं "या" म्हटलं नाही, "का आला नाहीत" म्हटलं नाही.

"आण्णा, काय बिघडलं होतं?"

"फ्यूज गेलाता," बॉनेटखालून आवाज आला.

"का गेला?"

"रिंग माझी कच्ची हुती," सुभेदार म्हणाले. "मीच बसवलेली."

ते बाहेर आले. कोटाच्या खिशातून लाल कुंचीची दोरी लोंबत होती. शालननं मुलीला पुढे केलं. सुभेदारांच्या हातांना मनगटापर्यंत काळं लागलं होतं, म्हणून त्यांनी टोपी काढून काखेत धरली आणि हात न लावता, कमरेत वाकून, बाळाच्या छातीला उजवा कान टेकवला. डोळे मिटले. डावा हात वर झाला.

दारातली माणसं एकेक करून गप्प झाली. ओसरीवरचे व्यापारी पानाचा हात तसाच धरून थांबले, आतल्या बायका उंबऱ्याशी येऊन थांबल्या. त्यांतल्या कोणालाही त्या हाताचा अर्थ माहीत नव्हता.

"चालू हाय," सुभेदार म्हणाले. पण कान काढला नाही, आणि हातही खाली केला नाही. म्हणून बराच वेळ कोणीच बोललं नाही.