पाहुण्याच्या मनातला कोंबडा

१९९८ चा फेब्रुवारी. पिंपळगाव बसवंतला द्राक्षांची काढणी ऐन जोरात होती, आणि वाल्मीक निरगुड्यांच्या घरी इटलीचा पाहुणा उतरला होता.

मांकुसोसाहेब कार्टून सिनेमाचे दिग्दर्शक. नाशिकच्या एका चित्रकला कॉलेजात महिनाभर शिकवायला आलेले. वाल्मीकरावांची मुलगी निकिता त्यांची लाडकी विद्यार्थिनी. साहेबांना तिला आपल्या स्टुडिओत, मिलानला न्यायचं होतं. अडलं होतं ते वाल्मीकरावांच्या परवानगीपाशी.

"आधी इचार, यांनी आजवर काय केलं," वाल्मीकराव म्हणाले.

निकितानं विचारून सांगितलं. साहेब बेकरीवाल्याचा मुलगा. त्यांची पहिली चित्रं बापानं भट्टीत घातली. मग स्टुडिओत ब्रश धुतले. तीस वर्षांत सिनेमे झाले सात.

"केवढाले?"

"सात-आठ मिनिटांचा एकेक, अण्णा. सगळी चित्रं हातानं काढतात."

"म्हंजी तीस वर्षांत तासभर. आपली ग्रामपंचायत बरी की मग."

नव्या सिनेमाविषयी साहेब एवढंच बोलले, की आपण फेरी मारल्याशिवाय सूर्य उगवत नाही, अशा समजुतीत जगणाऱ्या एकाची ही गोष्ट.

सकाळपासून साहेब अंगणात बाजेवर बसले. घरचा कोंबडा इकडं गेला की मान इकडं, तिकडं गेला की तिकडं. हातातली पेन्सिल थांबत नव्हती. निकिताची आई कुसाबाई चुलीपाशी बसून दोन दिवस हे बघत होत्या.

"अहो, पाहुण्याचा जीव कोंबड्यावर आलाय. तोंडानं बोलंना, पण डोळे हालंनात."

"मग वाट कशाची बघती?"

"आज रविवार. उद्या सोमवार, मंगळवारी ते चालले."

निकिता रंग आणायला नाशिकला गेली होती. विचारायला कोणी नव्हतं आणि असले प्रश्न पाहुण्याला विचारायचेही नसतात. दुपारी साहेबांनी नाकाडोळ्यांतून पाणी गाळत दोनदा रस्सा मागितला आणि आत जाऊन आडवे झाले.

निकिता आली तीच विचारत. "आई, कोंबडा कुठंय? साहेबांच्या सिनेमाचा हिरो आहे तो."

कुसाबाई पातेल्यात डोकावल्या. "हिरोचा एक पाय हाय शिल्लक."

"झालं माझं मिलान," निकिता मटकन खाली बसली.

शेजारच्या भागीबाईंकडून त्याच रंगाचा कोंबडा उसना आला. पण तो भित्रा. बाजेखाली शिरला तो बाहेर येईना. तेवढ्यात साहेब उठून कागद मांडून बसले.

मुलीचं मिलान वाल्मीकरावांना नकोच होतं. पण आपल्या दारात पाहुण्याचं काम अडलं, असं गावात व्हायला नको. त्यांनी टोपी नीट केली.

"कसा चालायचा तो? असा?" छाती पुढं, मान ताठ, आणि द्राक्षांच्या प्रत्येक क्रेटपाशी थांबून एक तिरकी नजर. त्यांनी अंगणाला अख्खी फेरी मारली. मजूर बायांनी तोंडाला पदर लावले. साहेब भराभर काढत होते.

निकिताला राहवलं नाही. रडत रडत तिनं साहेबांना सगळं सांगून टाकलं. साहेब आधी पातेल्याकडं बघत राहिले, मग पोट धरून हसले आणि बरंच काही बोलले.

"काय म्हणतो?"

"म्हणतात..." निकिता अडखळली. "कोंबडा त्यांना नकोच होता. तो तुमच्या मागंमागं फिरायचा, सारखा मधे यायचा. ते पहिल्या दिवसापासून तुम्हालाच काढतायत, अण्णा. त्याला बाजूला केल्याबद्दल आईचे आभार मानतायत."

वाल्मीकरावांनी कागद हातात घेतला.

"पोट एवढं हाय का माझं?"

"कमीच काढलंय," कुसाबाई म्हणाल्या.

वाल्मीकरावांनी कागद पुन्हा पाहिला. मग निकिताकडं वळले. "तू जा तिकडं, मिलानला. बस त्यांच्यापाशी. पण पहिलं काम, हे पोट बारीक करायचं."

सिनेमा २००३ साली पुरा झाला. मांकुसोसाहेब त्यानंतर निवृत्त झाले. तिकडं आता ते रस्सा करून बघतात, म्हणे. भागीबाईंचा कोंबडा परत गेला आणि म्हातारा होऊन मेला. त्याला कापायची कोणाची हिंमत झाली नाही. निकिता मिलानलाच राहिली. वाल्मीकराव मात्र पुढं मजुरांसमोर चालायचेच नाहीत, खुर्ची टाकून बसायचे.

सिनेमाची सीडी आली तेव्हा सगळी गल्ली जमली होती. साडेसहा मिनिटांत पोट सूर्याच्याही आधी उगवत होतं. शेवटच्या पाटीत लिहिलं होतं, पोटाची सगळी चित्रं निकिता निरगुडे हिची.