मॅलकी, गाडी आली का?

"बाबा, आधी तो चहा खाली ठेवा, मग सांगते," ब्रीडा दारातूनच म्हणाली. "दुकानात एक माणूस आलाय. स्टेशनची चौकशी करतोय."

मॅलकी टिअरननने चहा खाली ठेवला नाही. कप तोंडापाशी तसाच धरून त्याने विचारलं, "कंपनीचा?"

"कपाळावर लिहिलेलं नव्हतं. पण वही आहे, मोजपट्टी आहे. सकाळी चर्चखालचा पूल मोजून झाला. मग कॉन्सेप्टाला विचारत होता, स्टेशनची घंटा कुठे गेली म्हणून."

"ती काय म्हणाली?"

"घंटा तिच्या डोक्यावरच टांगलेली होती. ती म्हणाली, कुठली घंटा?"

मॅलकीने आता कप खाली ठेवला, पण बशी चुकली.

ड्रमगारा हे आमचं आयर्लंडच्या लीट्रिम परगण्यातलं गाव. इथली तीन फुटी रुळांची छोटी लाईन १९५९ च्या मार्चअखेर बंद झाली. सगळं सामान मोजून डब्लिनला पाठवा, असं रेल्वे कंपनीचं पत्र आलं होतं. त्याप्रमाणे रूळ गेले, इंजिन गेलं, कारण ते लपवण्याजोगं नव्हतं. बाकीचं गावात राहिलं. चोरी हा शब्द आम्ही वापरत नाही. घंटा कॉन्सेप्टा मल्वीच्या दुकानात राहिली. तिच्याकडे पुढे पोस्ट आणि किराणा, मागे बार, आणि बार बंद करायची वेळ झाली की ती घंटा वाजते. स्टेशनचं घड्याळही तिच्याकडेच, वीस मिनिटं पुढे लावलेलं, म्हणजे पिणारे वेळेत उठावेत. रूळ रस्ता ओलांडत तिथलं फाटक पॅकी गिलहूलीच्या कुरणाला राहिलं, सिग्नलचा हात त्याच्या कोंबड्यांना चढायला, आणि फलाटावरचा बाक चर्चच्या दारात. गावापासून दीड मैलावरची स्टेशनची इमारत मात्र मॅलकीने रीतसर विकत घेतली आणि तिथेच राहू लागला. त्यावरून गावाने त्याची थोडी कीवच केली.

मॅलकी त्या स्टेशनचा केबिनवाला, म्हणजे सिग्नल सांभाळणारा होता, आणि त्याची सही होती ती एकाच वस्तूखाली. ती म्हणजे लाईनचा दांडा. लाईन एकेरी, म्हणून ड्रमगारा आणि किलनाशी या दोन स्टेशनांत मिळून एकच लोखंडी दांडा. ज्या चालकाच्या हातात दांडा, त्यानेच गाडी लाईनवर घालायची आणि पुढच्या स्टेशनला पोचल्यावर तो केबिनवाल्याच्या हातात द्यायचा. दांडा हाती आला की मगच वहीत लिहायचं, गाडी पोचली. शेवटची गाडी किलनाशीहून आली तेव्हा फलाटावर सगळा परगणा लोटला होता. कोणी रडत होतं, कोणी अकॉर्डियन वाजवत होतं. गर्दी पांगली तेव्हा चालक ह्यूबर्ट डेव्हनी निघून गेला होता आणि मॅलकीचा हात रिकामा होता. आठवड्याभरात ह्यूबर्ट बायकापोरांसह इंग्लंडला गेला.

मॅलकीने वहीत नोंद केली नाही. दांडा नाही, तर गाडी पोचली कशी? कंपनीने दोनदा पत्र लिहून दांडा मागितला. दोन्ही वेळा त्याने कळवलं की शेवटची गाडी अद्याप आलेली नाही. तिसरं पत्र आलं नाही, पण ही गोष्ट गावाला कळली आणि पन्नास वर्षं पुरली. दांडा मॅलकीनेच गर्दीत कुठेतरी हरवला, असं गावाने ठरवून टाकलं. तेव्हापासून तो रस्त्यात दिसला की "मॅलकी, गाडी आली का?" हा आमच्याकडचा रामराम. ब्रीडाने शाळेत यावरून दोन मुलींचे केस ओढले होते. मॅलकी हसून पुढे जायचा. पण आता तो ब्याऐंशीचा होता, आणि वस्तू हरवणारा माणूस म्हणून मरायचं त्याच्या जिवावर आलं होतं.

त्यात गेल्या महिन्यात पोस्टाच्या भिंतीवर एक कागद लागला. जुन्या लाईनवरून पायवाट करायची आहे, मालमत्तेची पाहणी होईल, कोणाकडे काही वस्तू असल्यास आपणहून कळवावे. कोणी कळवलं नव्हतं.

"चार वाजता इकडे येणार आहे तो," ब्रीडा म्हणाली.

अकरा वाजता पॅकीचा ट्रॅक्टर अंगणात शिरला. मागच्या ट्रॉलीत फाटक होतं.

"हे काय?" ब्रीडाने विचारलं.

"स्टेशनची वस्तू स्टेशनात नको?" पॅकी म्हणाला. "कुरणात सापडली तर चोरी. इथे सापडली तर जतन."

"अहो, पण घर आमचं आहे! तुमच्या पापाचं जतन आम्ही का करायचं?"

"अगं, एका दिवसाचा प्रश्न आहे. उद्या सकाळी घेऊन जातो. गाई तोवर कुठे जाणार आहेत?"

ही युक्ती पॅकीने एकट्यापुरती ठेवली असती तर निभावलं असतं. पण वाटेत तो कॉन्सेप्टाशी बोलला होता, आणि कॉन्सेप्टाशी बोलणं म्हणजे गावाला पत्र टाकणं. दुपारी एकपर्यंत घंटा आली, घड्याळ आलं, चार कंदील आले. तिकिटांचं कपाट आलं, त्यात कोबीचं बी होतं. सिग्नलचा हात कोंबड्यांच्या खुणांसकट आला. दोन वाजता खुद्द फादर लव्हेल मोटारीच्या टपावर बाक बांधून हजर झाले.

"मी या गावात आलो तेव्हा तो दारात होताच," फादर म्हणाले. "मी काही विचारलं नाही, इतकाच माझा दोष."

"फादर, बसा," ब्रीडा म्हणाली. "बाक तुम्हीच आणलाय."

तीनपर्यंत सगळं जागच्या जागी लागलं, कारण कुठली वस्तू कुठे होती हे चोरणाऱ्यांना नेमकं ठाऊक होतं. मॅलकी खिडकीतून बघत राहिला. पन्नास वर्षांनी त्याचं स्टेशन पुन्हा उभं राहिलं होतं. त्यात फक्त एकच वस्तू नव्हती, आणि नेमकी तिच्याखाली त्याची सही होती.

"तुझी रेल्वेची टोपी घाल," पॅकीने सुचवलं. "म्हणजे वाटेल, तूच हे सगळं सांभाळतोस."

"आणि दांडा मागितला तर?"

"तर तू सांग की…" पॅकी थांबला. "तू टोपी तर घाल."

चारला माणूस आला. साठीचा, उंच, चिखलाचे बूट, आणि खांद्याला मासे धरायच्या गळाची लांब पिशवी. ती पिशवी कॉन्सेप्टाने दुकानातच हेरली होती. आत गळ नाही, काहीतरी जड लोखंडी वाजतं, असं तिने सगळ्यांना सांगून ठेवलं होतं. कुलूप तोडायचं हत्यार असावं, असा पॅकीचा अंदाज होता. माणसाने फाटक पाहिलं, घंटा पाहिली, टोपीतला मॅलकी पाहिला, आणि स्वतःची टोपी काढून हातात घेतली.

"मी ऑगस्टिन," तो चाचरत म्हणाला. "हे… हे सगळं अजून चालू आहे?"

"जपून ठेवलंय," पॅकी मध्येच म्हणाला. "रोज पुसतो आम्ही."

ऑगस्टिनने फाटकावर हात ठेवला. हाताला शेण लागलं. त्याने ते सभ्यपणे पँटला पुसलं आणि वही काढली.

"एक विचारू? पुलानंतर लाईन एवढी वळते का? नकाशावर तर सरळ जागा दिसते."

मॅलकीने ठरवलं होतं की विचारेल तेवढ्यालाच उत्तर द्यायचं. पण हा प्रश्न त्याला पन्नास वर्षांत कोणी विचारला नव्हता. "जमीनदाराचे फेझंट," तो म्हणाला. "शिकारीचे पक्षी. इंजिनाच्या शिट्टीने ते अंडी देणार नाहीत, असं जमीनदाराच्या बायकोचं म्हणणं. म्हणून लाईन पाऊण मैल वळवली. पुढे पक्षी इतके सोकावले की शिट्टी झाली की दाण्यासाठी रुळांवर यायचे."

"आणि मग?"

"मग चालकाच्या घरी रविवारी मांस असायचं."

ऑगस्टिन इतका मनापासून हसला की मॅलकीने टोपी मागे सरकवली. त्यानंतर दोघांना आवरणं कठीण झालं. फलाट एवढा ठेंगणा का, पाण्याची टाकी पश्चिमेला का, जुन्या काळी डब्लिनची वेळ लंडनच्या पंचवीस मिनिटं मागे असे तेव्हा इथे कुठली वेळ पाळायचे?

"माझे आजोबा सांगायचे, गाडी यायची ती वेळ," मॅलकी म्हणाला.

ब्रीडाने तीनदा चहा केला, सोडा ब्रेड संपला. कुंपणापाशी उभ्या असलेल्या गावाचे पाय दुखायला लागले. तपासणी इतकी लांबेल, असं कोणाला वाटलं नव्हतं. शेवटी ऑगस्टिनने वही मिटली, बाकावर बसून पिशवी मांडीवर घेतली आणि खाली बघत म्हणाला, "अजून एक विचारायचं होतं. शेवटच्या गाडीचा दांडा…"

फादर लव्हेल आभाळाकडे बघू लागले. पॅकी आपल्या बुटांकडे.

मॅलकी उठून उभा राहिला. "तो माझ्याकडे नाही," तो म्हणाला. "इथल्या बाकी कशाखालीच माझी सही नव्हती, आणि ते सगळं इथे आहे. जिच्याखाली होती तेवढी एकच वस्तू नाही. पण मी ती हरवलेली नाही. ती माझ्या हातात आलीच नाही. एवढं लिहून घ्या, आणि मग काय कारवाई करायची ती करा."

"मी लिहून घेऊ?" ऑगस्टिन गोंधळला. "मी कशाला?"

"तुम्ही कंपनीचे ना?"

"मी? मला वाटलं, तुम्ही कंपनीचे!"

मग कॉन्सेप्टा कुंपणापलीकडून ओरडली, "म्हणजे ते घड्याळ मी उगाच आणलं?"

"सकाळीच देणार होतो," ऑगस्टिन घाईघाईने म्हणाला. "पण पोस्टात तो कागद वाचला. इथे येऊन बघतो तर सगळं स्टेशन जागेवर, आणि टोपी घातलेला अधिकारी. म्हटलं, आता अटकच." त्याने पिशवीची दोरी सोडली आणि आतून हातभर लांबीचा लोखंडी दांडा काढला. "मी शाळामास्तर होतो, लिव्हरपूलला. भूगोलाचा. बंद पडलेल्या लाईनींवरून चालत फिरायचा नाद आहे. ह्यूबर्ट डेव्हनी माझे वडील. फेब्रुवारीत गेले. हा जिन्याखालच्या कपाटात होता."

मॅलकीने दांडा घेतला. त्यावरची अक्षरं त्याने बोटाने वाचली. एका बाजूला ड्रमगारा, एका बाजूला किलनाशी. त्याच्या डोळ्यांत पाणी आलं, आणि त्याच वेळी त्याला भयंकर रागही आला.

"लबाड!" तो म्हणाला. "पन्नास वर्षं! का नाही दिला त्याने?"

"बाबा म्हणायचे, मॅलकी नियमाचा पक्का. दांडा हातात पडला की तो नोंद करणार, आणि नोंद झाली की लाईन संपली. म्हणून कोटाखाली लपवून निघून आले. शेवटपर्यंत विचारायचे, नोंद झाली असेल का रे?"

"मी केली नाही," मॅलकी हळूच म्हणाला.

"हे त्यांना कळायला हवं होतं."

ब्रीडाने आतून वही आणली. शेवटच्या पानावर पोचल्याची वेळ, उशीर आणि कारण हे तीन रकाने कोरे होते. मॅलकीने घड्याळाकडे पाहिलं आणि पाच बावन्न लिहिलं.

"बाबा, ते वीस मिनिटं पुढे आहे."

"स्टेशनचं घड्याळ आहे. ते म्हणेल ती वेळ." मग बोटांवर हिशोब करून त्याने बारीक अक्षरांत उशीर लिहिला. पन्नास वर्षं, चार महिने, अकरा दिवस, बावीस तास, बारा मिनिटं. कारणाच्या रकान्यापाशी तो बराच वेळ थांबला. शेवटी त्याने लिहिलं, फलाटावर गर्दी. ह्यूबर्टचं नाव त्यात कुठे घातलं नाही. सही केली तेव्हा कुंपणापाशी गावकऱ्यांनी टाळ्या वाजवल्या. पॅकीने सगळ्यात जोरात वाजवल्या, कारण चिडवण्यातही तोच पुढे असायचा.

ऑगस्टिन निघाला. जुन्या लाईनवरून नऊ मैल चालत किलनाशीला जायचा त्याचा बेत होता. तो फलाटाच्या टोकाशी पोचला तोच मॅलकीने हाक मारली.

"थांबा! असं लाईनवर पाऊल टाकायचं नाही." त्याने दांडा त्याच्या हातात परत दिला. "नियम आहे. तिकडच्या केबिनमध्ये द्यायचा."

"केबिन आहे अजून?"

"तिथे आता बायकांचे केस कापतात," ब्रीडा म्हणाली.

"चालेल," मॅलकी म्हणाला. "त्या बाईला म्हणावं, हाती आला की मला फोन कर."

दुसऱ्या दिवशी सकाळी पॅकी फाटक न्यायला आला. त्याच्या अकरा गाई फादर लव्हेलांच्या गुलाबांत होत्या, आणि त्यामुळे तो घाईत होता. मॅलकी टोपी घालून बाकावर बसला होता. पन्नास वर्षांची सवय, पॅकीच्या तोंडून निघूनच गेलं.

"काय मॅलकी, गाडी आली का?"

"आली की. काल, पाच बावन्नला."

पॅकीने जीभ चावली. "हो, हो, खरंच. बरं, मग मी फाटक नेतो."

"नाही नेता येणार."

"का?"

मॅलकीने वही उघडून त्याच्यापुढे धरली. कालच्या नोंदीखाली नवी ओळ होती. सुटली, सहा दहा. पुढचा रकाना कोरा होता. "गाडी लाईनवर असताना फाटकाला हात लावत नाहीत, पॅकी."

"पण माझ्या गाई! अरे, ती पोचणार कधी?"

"काही सांगता येत नाही," मॅलकी समाधानाने म्हणाला. "चालक डेव्हनी आहे."