तांदळाच्या डब्यामागचा गणपती

यंदा गणेश चतुर्थीला सिंगापुरातल्या समस्त मराठी घरांत गणपती पाटावर बसले होते, आणि आमच्या सेम्बावांगच्या फ्लॅटमध्ये एक गणपती तांदळाच्या डब्यामागे, स्टीलच्या वाटीत, सोंड बुडेपर्यंत पाण्यात बसला होता. तो आमचा नव्हता. शेजारच्या सप्रेकाकांचा होता. आता देव पाण्यात घालायचे तर माणसानं आपल्या घरी घालावेत, शेजारणीच्या ओट्यावर कशाला? पण काका म्हणाले, "मेधा, तत्त्वाचा प्रश्न आहे," आणि तत्त्व आलं की काकांपुढे कुणाचं चालत नाही.

काका बँकेत ऑडिटला होते. निवृत्त झाले, पण ऑडिट सुटलं नाही. रस्ता ओसाड असो, सिग्नलचा हिरवा माणूस लागल्याशिवाय पाऊल टाकणार नाहीत, आणि कुणी टाकलं तर मागून "एक्स्क्यूज मी!" म्हणून हाक मारणार. हॉकर सेंटरमध्ये जेवून झालं की स्वतःचा ट्रे उचलून ठेवतातच, लोकांचेही उचलतात. एकदा एका माणसाचा ट्रे नूडल्ससकट नेऊन ठेवला. तो बिचारा फक्त चमचा आणायला उठला होता. तो काकांशी भांडत असताना मी फिश सूपच्या स्टॉलचा बोर्ड असा काही वाचत होते, की जणू परीक्षेला आहे. लाज वाटते हो, काय करणार! आमची लेक ईरा तर तेव्हापासून त्यांच्याबरोबर जेवायला यायलाच तयार नाही. "अंकल व्हेरी एम्बॅरसिंग, लाह," म्हणते.

काकांना एकुलती एक मुलगी, मुक्ता. इथल्या मंडळाच्या पथकात ढोल वाजवायची. अमेरिकेत कॉलेजला गेली आणि तिथल्या फुटबॉल टीमच्या (चेंडू हातात धरून पळतात तो फुटबॉल) बँडमध्ये शिरली. तिच्या पोटावर जो ढोल बांधतात त्यात मुक्ता स्वतः मावेल. तिकडचा शनिवार संध्याकाळचा सामना इकडे रविवारी सकाळी येतो. टीव्ही आमचा मोठा, म्हणून सप्रे दांपत्य आमच्याकडे. काकांच्या अंगात टीमची नारिंगी जर्सी, काकूंच्या हातात शिऱ्याचा डबा.

खेळ काकांना पसंत नाही. "हा काय खेळ आहे? दोन पावलं धावतात आणि पुन्हा घोळका करून मीटिंग! आमच्या हेड ऑफिसातसुद्धा एवढ्या मीटिंगा नव्हत्या." पण बँड दिसला की बोलणं बंद. मुक्ता पडद्यावर दिसते डोळा मिटून उघडेपर्यंत. तेवढ्यासाठी हा माणूस तीन तास त्या मीटिंगा बघतो.

तर मला वाटलं, गणपती टीमच्या विजयासाठीच पाण्यात आहे. काका दर रविवारी 'हात धुऊन येतो' म्हणून स्वयंपाकघरात जायचे, वाटीतलं पाणी बदलायचे. सप्टेंबरात टीम एक सामना दणदणीत जिंकली. काकू टाळ्या पिटत होत्या. मी चहा ठेवायला आत गेले, तर काका वाटीपुढे तोंड पाडून उभे.

"देव ऐकत नाहीये, मेधा."

"अहो, जिंकले की!"

"तेच तर." काका वाटीतच बघत बोलले, "हरावेत म्हणून ठेवलाय."

मी चहाची पूड सांडली.

मग कळलं. हंगामात बारा सामने. त्यातले सहा जिंकले, की नाताळच्या सुमारास एक मानाचा जादा सामना मिळतो. त्यासाठी टीम सुट्टीत तिकडेच राहिली की बँडलाही राहावं लागणार. गेल्या वर्षी तो सामना मिळाला आणि मुक्ता सुट्टीत आलीच नाही. काकूंनी सगळ्या मंडळाला फोटो पाठवले, पेढे वाटले.

"तिचं विमान येणार होतं ना, त्या दिवशी मी चांगीला जाऊन बसलो होतो," काका म्हणाले. "तिकीट रद्द झालेलं माहीत होतं. तरी गेलो. एक कप कोपी, तीच ती इथली कॉफी, प्यायलो, परत आलो. हिला सांगू नकोस."

"पण काका, पोटच्या पोरीच्या टीमनं हरावं? हे तत्त्वात बसतं का हो?"

"नाही बसत," काका पुटपुटले. "म्हणून तर तुझ्याकडे ठेवलाय."

मग चतुर्थीच्या आदल्या दिवशी काकू देवघरातला गणपती शोधत आमच्याकडे आल्या. "हे म्हणतात, लिटल इंडियात पॉलिशला दिलाय. सणाच्या तोंडावर कुणी देव पॉलिशला देतं का गं?" आणि मी, त्या तांदळाच्या डब्याला पाठ लावून, "छान चकचकीत होऊन येईल हो," म्हणाले. मेल्याहून मेल्यासारखं झालं मला.

टीम मात्र एक हरायची, एक जिंकायची. शेवटचा सामना उरला तेव्हा पाच विजय झाले होते. हा जिंकला की मुक्ता अडकली, हरला की आली.

त्या रविवारी शेवटची दोन मिनिटं उरली आणि टीम मागे होती. काकूंचा जप चालू. काका जर्सीत आक्रसून बसलेले, चेहऱ्यावर काही दिसू नये म्हणून धडपडणारे. तेवढ्यात कॅमेरा बँडवर गेला आणि थांबला. मुक्ता! ढोलावर दोन्ही हात जोडलेले, डोळे गच्च मिटलेले, गालांवरून पाणी.

"अगंबाई, रडतेय हो ती!" काकू म्हणाल्या.

काका उठले आणि आत गेले. वाटी सांडल्याचा आवाज आला. परत आले तेव्हा मूठ घट्ट मिटलेली होती आणि कोपरापर्यंत पाणी ओघळत होतं.

या खेळातली दोन मिनिटं संपता संपत नाहीत. पण संपायच्या आत एका धिप्पाड पोरानं चेंडू पोटाशी धरून शेवटची रेघ ओलांडली. जिंकले! काकू नाचल्या, मी नाचले, काकांनी एका हातानं मांडीवर टाळी वाजवली. थोड्या वेळानं मुक्ताचा व्हिडिओ कॉल आला. मागे नुसता गोंधळ.

"बाबा, वी डिड इट! आई, पण आता डिसेंबरात नाही गं जमणार..."

"वेडी की काय! मॅच सोडून येतात का?" काकू हसत म्हणाल्या.

"जोरात वाजव," काका म्हणाले. "इथपर्यंत ऐकू आलं पाहिजे."

फोन बंद झाला. मग काकूंचं लक्ष त्या ओल्या मुठीकडे गेलं. "हातात काय आहे?"

काकांनी मूठ उघडली. आणि मान खाली घालून सगळं सांगून टाकलं, वाटी, पॉलिश, चांगी, सगळं. माझ्याकडे एकदाही बघितलं नाही. मीही शिऱ्याच्या डब्यात बघत बसले.

काकूंनी गणपती त्यांच्या हातातून घेतला. ओढणीनं सोंड पुसली, पोट पुसलं, पुसतच राहिल्या.

"अजून दोन मिनिटं होती ना," त्या म्हणाल्या, "मग काढलात कशाला बाहेर?"