पेंडशांच्या खिडकीतला कॅमेरा

पेंडसे कोणाला नमस्कार करत नसत. दोन्ही हातांच्या बोटांची चौकट करून त्यातून माणूस बघत आणि ‘ठीक’ म्हणत. अंबरनाथच्या कारखान्यातून निवृत्त झालेले, आमच्या कात्रपच्या सोसायटीत एकटेच राहत. एकोणीसशे नव्वदच्या आसपास त्यांनी उल्हासनगरच्या कॅम्प दोनमधून जुना व्हिडिओ कॅमेरा आणला आणि गेटच्या रोखाने खिडकीत लावला.

“प्रायोगिक फिल्म आहे,” ते म्हणाले. “गोष्ट नाही, गाणी नाहीत. आपल्याला कोणी बघतंय म्हटल्यावर माणूस काय करतो, एवढंच.”

आठवड्यात सोसायटी बदलली. जोशीकाकू इस्त्रीच्या साडीत कचरा टाकायला येऊ लागल्या. बायकोशी कधी सरळ न बोलणारे सावंत गेटपाशी तिच्या हातातली पिशवी घेऊ लागले.

माझी पंचाईत वेगळी होती. कंपनी तीन महिने बंद होती आणि मी घरी सांगितलं नव्हतं. नऊला डबा घेऊन निघायचो, अकराला गुपचूप परत येऊन गच्चीवर टाकीच्या सावलीत बसायचो. कॅमेरा आल्यापासून परतताना रोज कपाळावर हात मारायचो, काहीतरी विसरल्यासारखा.

गणपतीत पेंडशांनी टीव्ही लावून फिल्म दाखवली. काकूंच्या साड्यांना लोक हसले. मग सावंत दिसले. वर खिडकीकडे बघून पिशवी घेत आणि जिन्याच्या तोंडाशी, चित्राच्या अगदी कडेला, पुन्हा बायकोच्या हातात देत. पंधरा दिवस, रोज. हसणं थांबलं. सावंतांनी उठून वायर उपटली. दुसऱ्या दिवशी कॅमेरा काढायचा, असं तिथल्या तिथे ठरलं.

सावंतवहिनी हळूच पेंडशांना म्हणाल्या, “राहू द्या ना, भाऊजी. तेवढं अंतर तरी हात मोकळे असतात.”

लोक खुर्च्या आवरू लागले. मीही. मी फिल्ममध्ये कुठेच नव्हतो, या आनंदात होतो.

दुसऱ्या दिवशी दुपारी पेंडसे गच्चीवर आले.

“तुमचं तेवढं रोज पुसत होतो,” ते म्हणाले आणि माझ्याकडे पाठ करून बसले. “जेवा. मी बघत नाही.”

मी अर्धी पोळी त्यांच्यापुढे धरली. त्यांनी न वळताच हात मागे करून घेतली.

“घरची आहे,” म्हणाले. बराच वेळ ती नुसती हातात धरून बसले.